नऊ हंगाम एका डोक्यावर

मित्रांनो, सिंगापूरच्या सेंगकांगमधल्या एका फ्लॅटच्या दाराशी चपलांचे कपाट आहे. त्या कपाटावर एक जुनी पिवळी वस्तू उताणी ठेवलेली असते आणि घरातली माणसे येता-जाता तिच्यात चाव्या टाकतात. ती वस्तू मी. मी हेल्मेट आहे; पण स्कूटरचे नव्हे. माझ्या तोंडापुढे लोखंडी जाळी आहे, कानांपाशी भोके आहेत आणि अंगावर इतके ओरखडे आहेत की मूळचा रंग शोधावा लागतो. मी अमेरिकन फुटबॉलचे हेल्मेट आहे. नऊ हंगाम मी एकाच डोक्यावर होते. ते डोके रघुवीरचे. त्याची गोष्ट सांगायची, तर ज्या सकाळी काहीच घडले नव्हते त्या सकाळपासून सुरुवात करते तेच बरे.

ती २०१७ सालातल्या एका शनिवारची सकाळ होती. दर शनिवारी रघुवीर चाव्या सोफ्यावर ओतायचा, मला मांडीवर घ्यायचा आणि जुन्या बनियनच्या तुकड्याने पुसायचा. स्वयंपाकघरात त्याची बायको संजीवनी थालीपिठे लावत होती. त्यांची मुलगी योगिनी मरीन परेडला भाड्याच्या खोलीत राहते. ती नुकतीच आली होती आणि खालच्या दुकानातून दोरीच्या प्लास्टिक पिशवीत बांधून आणलेली कॉफी कपात ओतत होती.

"बाबा, त्या डबड्याला किती पुसशील? रंग जाईल."

"रंग कवाच गेला," रघुवीर म्हणाला. "हा लाल बघ. हा त्या डेट्रॉइटकडच्या गड्याचा. त्याचं आता फर्निचरचं दुकान हाय."

"आणि हा हिरवा?"

रघुवीर हिरव्या ओरखड्याकडे बघत राहिला. अंगठा त्यावर फिरवला. मग म्हणाला, "हा बी कुणाचा तरी हाय."

आतून संजीवनीचा आवाज आला, "त्या डबड्याला जेवढं पुसतोस तेवढा एकदा पंखा पूस. धूळ पडतेय माझ्या पिठात."

"बघ पोरी, पुण्याची माणसं. तीस वर्षं संसार झाला, अजून पंखा धरून बसल्यात."

योगिनी हसली. संजीवनीही हसली. रघुवीर पुसत राहिला आणि थोड्या वेळाने, मान खाली ठेवूनच म्हणाला, "योगिनी, त्या दिवशी तो मी व्हतो काय गं?"

त्या दिवशी म्हणजे कोणत्या, ते मी पुढे सांगेन. त्याने हा प्रश्न पहिल्यांदा विचारला नव्हता. योगिनीने कप उचलला.

"बाबा, थालीपीठ गार होतंय," ती म्हणाली.

तो उठला, मला जागेवर ठेवले, चाव्या पुन्हा माझ्यात टाकल्या. जेवला. दुपारी जरा पडतो म्हणून आत गेला.

माझा जन्म अमेरिकेतल्या एका लहान गावात, कारखान्यात झाला. प्लास्टिकचे चमकदार दाणे वितळवून साच्यात दाबले आणि मी बाहेर आले. मला भोके पाडली, जाळी बसवली, आत हवेच्या गाद्या लावल्या. हे काम करणाऱ्या बाईने मला उचलून पाहिले आणि शेजारणीला म्हणाली, "हे कोणासाठी? माणसासाठी की भोपळ्यासाठी?" कारण त्या खेपेत मी सगळ्यांत मोठे होते.

भोपळा मला ऑगस्टच्या उन्हात एका मैदानावर भेटला. सव्वासहा फुटांहून उंच, मान खांद्यांत बुडालेली. मला डोक्यावर ओढताना त्याचे कान दुमडले आणि त्याच्या तोंडून जो शब्द निघाला तो त्या मैदानावर दुसऱ्या कोणाला कळला नाही. तो म्हणाला, "आयो!"

रघुवीरची आई मिरजेची. १९६०च्या दशकात नर्स म्हणून अमेरिकेला गेली आणि तिथल्याच एका पोलाद कारखान्यातल्या दांडग्या कामगाराशी तिने लग्न केले. मुलाचे शरीर बापासारखे झाले आणि बोलणे आईसारखे. घरात ती मिरजेची मराठी बोलायची, म्हणून तोही तीच बोलायचा. संघातले त्याला 'रॅगी' म्हणत.

आता तो काय काम करायचा ते सांगते, कारण ते टीव्हीवर बघूनही कोणाला कळत नाही. या खेळात क्वार्टरबॅक नावाचा एक खेळाडू असतो. तो चेंडू घेऊन दोन पावले मागे सरतो आणि लांब कोणाला तरी फेकतो. फेकायला त्याला काही क्षण लागतात. तेवढ्यात समोरचे धिप्पाड गडी त्याला आडवे करायला धावतात. त्यांना अडवायला क्वार्टरबॅकच्या पुढे पाच जण भिंतीसारखे उभे असतात. त्यांना लाइनमन म्हणतात. डावीकडून दुसरी वीट म्हणजे आमचा रघुवीर.

लाइनमन चेंडू फेकत नाही, झेलत नाही, चेंडू घेऊन पळतही नाही. साठ हजार माणसे चेंडूकडे बघत असतात आणि चेंडू नेहमी दुसरीकडे असतो. भोंग्यावर त्याचे नाव फक्त चुकल्यावर पुकारतात. एकदा संघ मोठा सामना जिंकला आणि क्वार्टरबॅकने पाचही जणांना जेवायला नेले. हॉटेलात लोकांनी क्वार्टरबॅकला गराडा घातला, सह्या मागितल्या, फोटो काढले. एका बाईने रघुवीरच्या हातात आपला कोट दिला. तिला वाटले हा दारवान आहे. त्याने तो सांभाळून धरला आणि जाताना तिला घालूनही दिला. ही गोष्ट तो आयुष्यभर हसून सांगायचा.

समोरचा गडी कसा येतो, हे नीट ऐका. तो आधी वाकतो. एक हात जमिनीला टेकवतो, मान खाली घालतो आणि क्षणभर अगदी स्थिर होतो. चेंडू हलला की तो वाकलेला माणूस सुटतो. लाइनमनने विचार करायचा नसतो, कारण विचाराला वेळच नसतो. कोणी वाकलेला दिसला की मधे जायचे, एवढेच. हे शिकवावे लागते; पण एकदा शिकवले की ते अंगात राहते. ते डोक्यातून काढता येत नाही, कारण ते डोक्यात नसतेच.

आणि मधे गेल्यावर पहिली धडक मी घ्यायचे. प्रत्येक वेळी. टीव्हीवर ज्या मोठ्या धडका दाखवतात तशा नव्हेत. लहान, बोथट, दाराला डोके लागावे तशा. एका सामन्यात पन्नास-साठ, सरावात त्याहून जास्त. मी कवटी राखली, मित्रांनो. तिला एक चीरही पडू दिली नाही. पण कवटीच्या आत जे मऊ असते ते डबीतल्या पेढ्यासारखे आपल्याच भिंतीवर आपटते. तिथे माझी गादी पोचत नाही.

कधी कधी रघुवीर उठायचा आणि चुकीच्या घोळक्याकडे चालू लागायचा. मग संघाचा माणूस धावत यायचा, डोळ्यांपुढे बोटे धरायचा आणि विचारायचा, "किती?" लाइनमन लोकांची यात एक रीत होती. तो माणूस नेहमी दोनच बोटे धरायचा. हे सगळ्यांना माहीत होते. ज्याला दिसत नसेल त्याच्या पाठीवर शेजारचा खेळाडू दोनदा थोपटायचा. रघुवीरच्या शेजारी वॉल्ट नावाचा गडी असायचा. त्याने रघुवीरला थोपटले, रघुवीरने त्याला थोपटले. "दोन," असे म्हटले की पुन्हा भिंतीत उभे राहता यायचे. सोबत्याला बाहेर बसू द्यायचे नाही, यालाच ते मैत्री म्हणत. ती मैत्री खरीच होती. एवढ्या प्रेमाने एवढे वाईट काम मी दुसरे पाहिले नाही.

दर उन्हाळ्यात मला धुऊन, रंगवून परत आणायचे. ओरखडे झाकले जायचे आणि मी नवे दिसायचे. रघुवीरला कोणी धुऊन आणायचे नाही.

संजीवनी त्याला याच काळात भेटली. ती पुण्याहून कॉम्प्युटर शिकायला तिथे आली होती. मराठी मंडळाचा गणपती एका शाळेच्या हॉलमध्ये होता आणि मूर्ती वर मंचावर न्यायला चार माणसे हवी होती. तिघेच मिळाले. ते तिघे चौथ्याला शोधायला गेले तेवढ्यात रघुवीरने मूर्ती एकट्याने उचलून वर नेली आणि मखरात बसवली. संजीवनी म्हणाली, "अहो, प्राणप्रतिष्ठेच्या आधी मखर सजवायचं असतं. परत खाली आणा." त्याने परत खाली आणली. सजावट झाल्यावर पुन्हा वर नेली. पुढे ती म्हणायची, "दुसऱ्या खेपेला मी ठरवलं."

नवव्या हंगामात उजवा गुडघा गेला. एका लहान खोलीत बोलावून त्याला सांगितले की आता नको. टाळ्या नाहीत, भाषण नाही. तो कपाट रिकामे करत होता तेव्हा सामान सांभाळणाऱ्या माणसाने मला त्याच्या हातात दिले आणि म्हणाला, "हे दुसऱ्या कोणाच्या डोक्यात बसणार नाही." ती एवढीच माझ्या नशिबी आलेली स्तुती.

योगिनी शाळेत असताना संजीवनीला सिंगापूरला मोठे काम मिळाले आणि हे घर सेंगकांगला आले. रघुवीरला ही जागा आवडली. खाली बाजार, वर घर आणि खिडकीसमोरून जाणारी दोन डब्यांची छोटी गाडी. तिला तो 'संजीवनीची आगगाडी' म्हणायचा, कारण ती तिला रोज ऑफिसला न्यायची. तो स्वयंपाक शिकला. बांगडा पारखायला शिकला. लिफ्टमध्ये लहान मुले त्याच्याकडे मान वर करून बघायची आणि शेजारची चिनी आंटी मला पाहून इथल्या खास इंग्रजीत म्हणायची, "अंकल, हेल्मेट गॉट, मोटरबाइक नो गॉट, हाउ कॅन?"

"आय ॲम द मोटरबाइक, आंटी," तो म्हणायचा.

"वा! नो वंडर सो नॉइझी लाह!"

रस्त्याने चालताना तो नेहमी संजीवनीच्या डाव्या हाताला असायचा. ती बाजू बदलायची, तोही बदलायचा. योगिनी मैत्रिणींना सांगायची, "माझे बाबा म्हणजे आईचं कपाट. सोबत हलतं." तेव्हा ती त्याच्याबद्दल असे बोलायची.

इथल्या दमट हवेने माझ्या आतले स्पंज चिकट झाले, मग त्याचा भुगा होऊ लागला. रघुवीरलाही त्याच सुमारास काहीतरी होऊ लागले. आधी शब्द सांडले. मग बाजारातून येताना वाट चुकू लागली. मग राग आला. तो असा यायचा की आधी कोणाला कळायचे नाही. आमटीत मीठ जास्त झाले म्हणून त्याने ताट भिंतीवर फेकले आणि थोड्या वेळाने डाग पाहून विचारले, "हे कुणी केलं?" एकदा लिफ्टमध्ये तो कोणावर तरी ओरडला. आंटी त्यानंतर काही दिवस जिन्याने जाऊ लागली. शांत झाल्यावर तो चपलांच्या कपाटापाशी येऊन बसायचा आणि माझ्यातल्या चाव्या एकेक करून मोजायचा. चाव्या तीनच होत्या.

डॉक्टरांकडे जायचे ठरले. जायच्या आधी घरात जे चालले ते मी या कपाटावरून ऐकले आणि माझ्या सगळ्या भेगा दुखल्या. संजीवनी त्याला समोर बसवून विचारायची, "रघू, आज वार कोणता? साल कोणतं? आपण कुठे राहतो?" चुकले की योगिनी हळूच सांगायची. तो पाठ करायचा. "उद्या डॉक्टरांनी विचारलं ना, बाबा, तर असं सांग हं." त्यांना वाटायचे, याला लाजायला लागू नये. याला कोणी वेडा म्हणू नये. योगिनी तर म्हणाली, "मी तुझ्या मागेच बसेन. अडलास तर पाठीवर हात ठेवेन."

परत आले तेव्हा तिघेही खूश होते. सगळी उत्तरे बरोबर आली होती. डॉक्टर म्हणाले होते, वयाचे आहे, ताण आहे, झोप घ्या.

मित्रांनो, मला तोंड असते तर मी त्या दिवशी ओरडले असते. तुमच्यातल्या कोणाला खेळताना मार लागला आणि कोणी विचारले, तर जे दिसते तेच सांगा. काही दिसत नसेल तर तसे सांगा. आणि तुमच्या सोबत्याला दिसत नसेल, तर त्याच्या वतीने उत्तर देऊ नका. त्याचा हात धरून त्याला बाहेर न्या. तो रागावेल. रागावू द्या.

आता त्या दिवसाचे सांगते.

योगिनीने दर्शनला घरी आणले. दर्शन मुलुंडचा, इथे इंजिनीयर, बारीक आणि अतिशय सभ्य मुलगा. लग्नाचे बोलायचे होते. रघुवीर सकाळपासून छान होता. त्याने स्वतः बांगडा आणला, पांढरा सदरा घातला आणि दर्शनला विचारले, "व्यायाम करतोस काय रं?" दर्शन म्हणाला, "ऑफिसला जिन्याने जातो, काका." रघुवीर म्हणाला, "जिना बरा. उतरतोस बी की नुसता चढतोस?" सगळे हसले. हेही ठीक चालले होते.

संजीवनी स्वयंपाकघरातून ट्रे घेऊन आली. दर्शनला घरून बजावून पाठवले असणार, की मोठ्यांच्या पाया पड. काकांच्या तो आल्याबरोबर पडला होता, काकू राहिल्या होत्या. तो घाबरलेला होता. तो सोफ्यावरून झटकन उठला, बाजूने संजीवनीकडे गेला, मान खाली घातली आणि एकदम वाकला. त्याचा एक हात जमिनीपाशी गेला.

मी दाराशी होते. मी हे वाकणे हजारो वेळा पाहिले होते. रघुवीरच्या अंगानेही पाहिले होते.

दुसऱ्या क्षणी दर्शन माझ्यावर आणि चपलांच्या कपाटावर येऊन आदळला. कपाट आडवे झाले, मी पडले, चाव्या फरशीवर उडाल्या. त्याच्या गळ्याजवळचे हाड मोडले होते. तरीही तो बिचारा चपलांतून म्हणाला, "सॉरी, काकू, तुमचे कप…"

योगिनी आधी किंचाळली. मग अगदी हलक्या आवाजात बोलली. ते वाक्य मला अजून पाठ आहे.

"तू असाच आहेस, बाबा. आजार-बिजार काही नाही. तू असाच आहेस."

रघुवीर हॉलच्या मधोमध उभा होता. आपल्या दोन्ही तळहातांकडे बघत होता.

दर्शन बरा झाला आणि थट्टाही करू लागला. "काका, या वेळी नमस्कार लांबूनच," असे दारातून म्हणायचा. त्याने मनात काही ठेवले नाही. पण योगिनी मरीन परेडला राहायला गेली. शनिवारी यायची, हसायची, बोलायची. दर्शन बरोबर असला की मात्र तो आणि बाबा यांच्यामध्ये आपण बसू, याची ती काळजी घ्यायची. आणि रघुवीरला हे दिसायचे. त्याला वार आठवायचा नाही, बांगड्याचा भाव आठवायचा नाही; पण मुलगी कुठे बसली हे त्याला दर शनिवारी दिसायचे.

पुढे दुसऱ्या डॉक्टरांनी खरे सांगितले. डोक्याला वर्षानुवर्षे धडका बसलेल्या खेळाडूंना असा एक आजार होतो. पण हा तोच आहे की नाही, हे जिवंतपणी खात्रीने सांगता येत नाही. मेंदू तपासावा लागतो. तो मेल्यावरच तपासता येतो.

त्यानंतरच्या शनिवारी रघुवीरने योगिनीला जवळ बसवले. त्या दिवशी त्याचे डोके लख्ख होते. तो म्हणाला, "वॉल्ट गेला. त्याच्या बायकोनं त्याचा मेंदू तपासायला दिला. अमेरिकेत एक विद्यापीठ हाय. मी फोन केला हुता. इथले डॉक्टर पाठवतील म्हणाले, फक्त येळेत सांगाया पाहिजे."

"बाबा, हे काय बोलणं आहे?"

"तुझी आई न्हाई म्हणंल. म्हणून तुला सांगतो. मी गेलो की ह्यांना दे. मग ते सांगतील तुला, की त्या दिवशी तो मी व्हतो का माझं दुखणं. तुला कळंल. माझं काय, मी नसंन."

योगिनीने नंबर फोनमध्ये घेतला आणि खिडकीपाशी जाऊन उभी राहिली. गाडी आली, गेली, दुसरी आली. तेव्हापासून तो विचारत राहिला. ती कधी चहा म्हणाली, कधी औषध, कधी उशीर होतोय. रागाने नव्हे. तिला खोटे बोलायचे नव्हते आणि खरे काय ते तिला माहीत नव्हते.

आणि मग तो शनिवार आला. रघुवीर दुपारी पडायला गेला. चारच्या सुमाराला संजीवनी चहाला उठवायला गेली आणि तिने त्याला हाक मारली. मग पुन्हा मारली. मग तिने योगिनीला हाक मारली.

डॉक्टर येऊन गेले. झोपेत हृदय थांबले, असे म्हणाले. आंटी येऊन दाराशी उभी राहिली, आत आली नाही, चपला नीट लावून गेली. योगिनीने दर्शनला कळवले; तो निघाला होता. मग ती आईजवळ जाऊन बसली. खोलीचे दार उघडे होते आणि मला सगळे ऐकू येत होते.

"आई, बाबाने मला एक सांगून ठेवलं होतं." तिने सांगितले. एका दमात, न थांबता.

"नाही," संजीवनी म्हणाली. "त्याच्या डोक्याला आता कोणी हात लावायचा नाही. आयुष्यभर तेवढंच झालं त्याचं."

"आई, वेळ फार नाही."

"अख्खा आला होता माझ्याकडे. अख्खाच जाऊ दे."

"त्याला जाणून घ्यायचं होतं, आई. की तो आजार होता की तो स्वतः."

"त्याला जाणून घ्यायचं होतं, की तुला सांगायचं होतं?"

योगिनीने फोन खाली ठेवल्याचा आवाज आला.

"मला नको ते उत्तर," संजीवनी म्हणाली. "मी तिथेच होते. तुला त्या दिवशी पडलेला दर्शन दिसला. मला काय दिसलं ते सांगू? हातात ट्रे होता. बाजूने काहीतरी माझ्या पायांवर येतंय एवढंच कळलं. आणि मग समोर रघूची पाठ. नुसती पाठ, ह्या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत. दर्शनकडे त्याने पाहिलंसुद्धा नव्हतं गं. तो एक हात मागे करून मला चाचपत होता. मी आहे ना, म्हणून."

"हे तू मला कधीच सांगितलं नाहीस."

"कोणत्या तोंडाने सांगू? त्या पोराचं हाड मोडलं होतं. त्याच्या आईला फोनवर म्हणू, माझा नवरा मला राखत होता? कशापासून, तर तुमच्या मुलाच्या नमस्कारापासून?" ती हसली आणि ते हसणे मधेच मोडले. "आणि तू तेव्हा ऐकणार नव्हतीस. तू माझीच मुलगी आहेस. तुला मी ओळखते."

खिडकीसमोरून गाडी गेली. मग संजीवनी म्हणाली, "कर फोन."

"आई?"

"त्याने मागितलंय ना? त्याने कधी काही मागितलंय का आपल्याकडे? दे. फक्त म्हणावं, नेताना डोकं हळू धरा."

योगिनीने फोन केला. एक, मग दुसरा. पत्ता सांगितला, मजला सांगितला. गाडी निघाली म्हणाले. संजीवनी पाणी प्यायला उठली आणि स्वयंपाकघरातच उभी राहिली.

योगिनी दाराशी आली. माझ्यातल्या चाव्या काढून तिने कपाटावर ठेवल्या आणि मला उचलले. तिने मला याआधी कधी उचलले नव्हते. मी तिला वाटले त्यापेक्षा जड निघाले असणार, कारण दुसरा हातही तिने लावला. आत गेली. पलंगाच्या कडेला बसली, त्याच्या डाव्या बाजूला, आणि मला मांडीवर धरले. रघुवीरचा चेहरा शांत होता. केस एका बाजूने उठले होते. तिने ते बसवले. पुन्हा उठले.

मग ती बोलली. न रडता, न कुजबुजता; समोरचा माणूस ऐकतो आहे अशा नेहमीच्या आवाजात.

"बाबा, ताट फेकलंस तो आजार असेल. आंटीवर ओरडलास तोही असेल. ते लोक काय ते सांगतील. पण त्या दिवशी तो तूच होतास. आई मागे होती आणि तू मधे गेलास. तो तूच होतास, बाबा."